नवस, ऋण आणि कौल : वसईच्या मोहिमेतील दैवते आणि आझ्टेक युद्धदेवता

युद्धात देवता नेमके काय करतात, हा प्रश्न आपल्याकडे सहसा धर्मेतिहासाकडे सोपवला जातो. वस्तुतः तो कथनमीमांसेचाही प्रश्न आहे. 'चिमाजी आप्पांनी वसईचा किल्ला घेतला' आणि 'देवीने वसईचा किल्ला दिला' ही दोन वाक्ये एकाच घटनेविषयी आहेत. परंतु त्यांतील कर्ता निराळा आहे, क्रियापद निराळे आहे, आणि त्यामुळे विजयानंतर कोण कोणाचे काय देणे लागतो याचा हिशेबही निराळा आहे. 'घेतला' म्हटले की हिशेब माणसामाणसांत मिटवता येतो. 'दिला' म्हटले की तिसरा पक्ष उपस्थित होतो, आणि त्याचे देणे कोणत्या स्वरूपाचे मानले जाते यावर पराभूतांच्या वाट्याला काय येणार हे बऱ्याच अंशी अवलंबून राहते. हा संबंध दोन प्रसंगांच्या आधारे तपासून पाहण्याचा प्रयत्न येथे केला आहे : १५२१ मधील तेनोच्तित्लान या आझ्टेक राजधानीचा पाडाव आणि १७३९ मधील वसईचा वेढा.

ही तुलना वरकरणी ओढूनताणून आणल्यासारखी वाटेल. परंतु दोन्ही ठिकाणी एक पक्ष इबेरियन कॅथलिक साम्राज्याचा आहे आणि त्याची दैवते जवळजवळ तीच आहेत. वसईच्या किल्ल्याचे बुरुज हा तर संतनामांचा एक पाठच आहे : सान सेबास्तियांव, सान पेद्रु, सान पावलु, रेइश मागुश, मादरे द देउश, सांतियागु, रेमेदियुश. यांपैकी सांतियागु म्हणजे स्पेनच्या मध्ययुगीन युद्धांत पांढऱ्या घोड्यावरून 'मूरांचा संहार' करणारा संत जेम्स. अमेरिकेत पोहोचल्यावर त्याच्या घोड्याच्या टापांखाली मूरांच्या जागी इंडियन आले. रेमेदियुश म्हणजे उपशमनाची माता. वसईत तिच्या नावाचे चर्च आहे आणि त्या वस्तीलाच लोक 'रमेदी' म्हणतात. याच नामाची एक लहान मूर्ती कोर्तेसच्या शिपायांबरोबर मेक्सिकोत गेली. आझ्टेकांच्या महामंदिरात तिची स्थापना झाली, १५२० च्या जून महिन्यातील पराभवाच्या रात्री ती हरवली आणि पुढे एका इंडियन सरदाराला निवडुंगासारख्या झाडाखाली सापडली, अशी तेथील परंपरा सांगते. वसईचा सुपुत्र गोन्सालो गार्सिया ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकी येथे क्रूसावर मारला गेला, तेव्हा त्याच्यासमवेतच्या २६ जणांत मेक्सिको शहरात जन्मलेला फेलिपे दे हेसूसही होता. दोघांनाही १८६२ मध्ये एकाच दिवशी संतपद मिळाले. तेव्हा वसई आणि मेक्सिको यांना एकत्र वाचण्याची सोय इतिहासानेच करून ठेवली आहे.

आझ्टेकांची, म्हणजे स्वतःला 'मेशिका' म्हणवणाऱ्यांची, मुख्य युद्धदेवता वीत्सिलोपोच्त्ली. कोआतेपेक या सर्पपर्वतावर कोआत्लिक्वे ही देवी झाडलोट करीत असता पिसांचा एक गोळा तिच्या अंगावर पडतो व ती गर्भवती होते. या कलंकाने संतापलेली तिची कन्या कोयोल्शाउकी आपल्या चारशे भावांसह आईला ठार मारण्यास निघते. नेमक्या त्या क्षणी वीत्सिलोपोच्त्ली शस्त्रासह जन्मतो, अग्निसर्पाने बहिणीचे तुकडे करून तिला पर्वताखाली लोटतो आणि भावांची दाणादाण उडवतो. तेनोच्तित्लानचे महामंदिर या पर्वताचीच प्रतिकृती होती. वर दोन गाभारे, एक वीत्सिलोपोच्त्लीचा आणि दुसरा पर्जन्यदेव त्लालोकचा. २१ फेब्रुवारी १९७८ रोजी मेक्सिको शहरात वीज कंपनीचे कामगार खोदकाम करीत असताना कोयोल्शाउकीची छिन्नविच्छिन्न देहाकृती कोरलेली प्रचंड शिळा सापडली, ती बरोबर त्या देवाच्या पायऱ्यांच्या तळाशी. वरून लोटलेल्या बंदिवानाचे प्रेत ज्या बाजूला पडे, त्या बाजूला ती होती. कथा, वास्तू आणि विधी यांची इतकी घट्ट वीण क्वचितच आढळते. येथे युद्धकथा मंदिरात सांगितली जात नाही. मंदिराच्या पायऱ्यांवर ती पुनःपुन्हा घडवली जाते.

या विधीला नाहुआत्ल भाषेत जो शब्द आहे त्याचा अर्थ 'देण्याची फेड' असा होतो. देवांनी स्वतःला आगीत झोकून सूर्य निर्माण केला, त्याला गती दिली. माणूस जन्मतःच त्यांचा ऋणको आहे. आपल्या धर्मशास्त्रातील देवऋणाची आठवण येथे होणे स्वाभाविक आहे, परंतु ती फार ताणू नये. आपल्या ऋणत्रयीत यज्ञ, अध्ययन आणि अपत्य यांनी ऋणमुक्ती होऊ शकते. मेशिकांच्या व्यवस्थेत फेड केवळ पुढच्या फेडीपर्यंतची मुदत मिळवून देते. म्हणून युद्ध हा त्यांच्यासाठी प्रसंग राहत नाही, ती चालू खात्यावरची नोंद ठरते. त्लाश्कालाशी होणारी 'पुष्पयुद्धे' या दृष्टीने बोलकी आहेत. त्यांत प्रदेश जिंकण्याहून बंदिवान मिळवण्याला महत्त्व होते. समोरचे त्लाश्कालान आपल्या कामाश्त्ली देवाचे देणे त्याच चलनात फेडत होते. युद्ध या संकल्पनेसाठी त्या भाषेत 'पाणी–जळित' असे जोडरूपक आहे, तसेच 'फूल–गीत' हे काव्यासाठी. दोन परस्परविरोधी वस्तू शेजारी ठेवून तिसरी सूचित करणारी ही रचना मराठी समीक्षकाने स्वतंत्रपणे अभ्यासावी इतकी रोचक आहे.

मात्र या व्यवस्थेला अनादी समजण्याची चूक होऊ नये. १४२८ मध्ये आस्कापोत्साल्कोची सत्ता मोडून मेशिका स्वतंत्र झाले, आणि त्यानंतर त्यांचा राजा इत्स्कोआत्ल याने जुन्या चित्रपोथ्या जाळल्या, असे सहागूनच्या ग्रंथात त्याच्या नाहुआ माहितगारांनीच नोंदवले आहे. भटक्या टोळीचा कुलदेव सूर्याचा सेनापती झाला तो या जळितानंतरच्या संपादित संहितेत. राज्य आधी उभे राहिले, ऋण मागाहून लिहिले गेले. ही गोष्ट ध्यानात घेतली तर 'आझ्टेक धर्मच रक्तपिपासू होता' हे विधान जसे डळमळते, तसेच 'तो त्यांचा श्रद्धेचा भाग होता' हे सहानुभूतीचे विधानही पुरेसे ठरत नाही. १४८७ मधील महामंदिराच्या लोकार्पणप्रसंगी बळी दिलेल्यांचे ऐंशी हजारांवरचे आकडे आज कोणी गंभीरपणे स्वीकारत नाही. पण तो आकडा कोणाला हवा होता हा प्रश्न उरतोच. तो विजेत्या स्पॅनिशांना हवा होता, आणि त्याआधी कदाचित मेशिकांनाही.

सैन्य निघे तेव्हा देवांच्या प्रतिमा पाठीवर घेतलेले पुजारी एक दिवस आधी पुढे जात. गाव जिंकल्याची चित्रखूण म्हणजे छप्पर कलंडलेले जळते मंदिर. मेंदोसा कोडेक्समध्ये अशी चित्रे ओळीने मांडलेली आहेत. पराभूतांचे देव नष्ट होत नसत. त्यांना राजधानीत आणून एका वेगळ्या देवालयात बंदिवानासारखे ठेवले जाई. शत्रूच्या देवाचे अस्तित्व येथे नाकारलेले नाही. त्याचा निवास तेवढा बदलला आहे. वसईच्या घंटांकडे वळताना हे स्मरणात ठेवावे लागेल.

त्याआधी साधनांविषयी थोडे. त्स्वेतान तोदोरोव्हने १९८२ मध्ये असे प्रतिपादन केले की मेशिका हरले ते चिन्हांच्या व्यवहारात : ते देवांशी बोलत राहिले, स्पॅनिश माणसांशी बोलले. आपल्याकडच्या चिन्हमीमांसकांना हा सिद्धान्त एकेकाळी फार आवडला. परंतु ज्या पुराव्यावर तो उभा आहे तो पाडावानंतरचा, मठांच्या छायेत लिहिलेला आहे. कोर्तेसला परत आलेला देव केत्सालकोआत्ल समजून मोतेक्झुमा हतबल झाला, ही कथा १६ व्या शतकाच्या मध्यानंतर आकार घेते. पराभवाला अर्थ देण्याची गरज जितकी विजेत्यांना होती तितकीच पराभूतांच्या मुलांनाही होती. कॅप्टन कुकच्या दैवतीकरणाविषयी गणनाथ ओबेयसेकेरे यांनी १९९२ मध्ये जो आक्षेप घेतला तो येथेही लागू पडतो : गोऱ्या माणसाला देव मानणारा 'मूळनिवासी' ही अनेकदा गोऱ्या माणसाचीच मिथककथा असते. शहर पडण्यापूर्वीच्या शेवटच्या दिवसांत क्वाउतेमोकने एका योद्ध्याला पूर्वजाचा घुबडपिसांचा वेश चढवला आणि वीत्सिलोपोच्त्लीचा बाण हाती देऊन शत्रूवर पाठवले, असे सहागूनचे नाहुआ माहितगार सांगतात. त्या वर्णनात हतबलता नाही. एक अखेरचे अस्त्र वापरून पाहण्याची शिपाईगिरी आहे. १३ ऑगस्ट १५२१ रोजी शहर पडले. तो संत हिपोलितोचा दिवस असल्याने स्पॅनिशांनी दरवर्षी त्या दिवशी निशाणाची मिरवणूक काढण्यास आरंभ केला. तेही देणेकरीच होते.

आता वसईकडे. १५३४ मध्ये गुजरातच्या बहादुरशहाकडून हा प्रदेश पोर्तुगीजांना मिळाला. १७३७ मध्ये मराठ्यांनी ठाणे व साष्टी घेतली आणि १७३९ च्या फेब्रुवारीत वसईला मोर्चे लागले. य. न. केळकरांचे 'वसईची मोहीम', पिसुर्लेकरांचे 'पोर्तुगेज-मराठे संबंध' आणि त्याआधीचे गर्सन द कुन्यांचे १८७६ मधील पुस्तक एकत्र ठेवून वाचले तर लक्षात येते की या वेढ्याचे खरे नायक सुरुंग आहेत. वाळूतून खंदक पुढे नेणे, तटाखाली दारू भरणे, भगदाड पडताच शिड्या लावणे आणि मागे लोटले जाणे. सान सेबास्तियांव आणि रेमेदियुश या बुरुजांपाशी हे अनेकदा घडले. मराठ्यांची माणसे हजारांनी कामी आली व जायबंदी झाली. त्याच वेळी नादिरशहा दिल्लीत होता, बाजीरावांना उत्तरेची चिंता होती, आणि चिमाजी आप्पांपाशी वेळ नव्हता. किल्ल्याचा अधिकारी सिल्वेरा दे मेनेझेस वेढ्यात मारला गेला. त्याच्यामागून आलेल्या कायतानु दे सौझा परेराने १६ मे रोजी शरणागतीची कलमे मान्य केली आणि २३ मे रोजी शिबंदी बाहेर पडली.

या साऱ्यात देवता कोठे आहे? समकालीन पत्रव्यवहारात ती प्रथम भेटते ती एका माणसाच्या रूपाने. धावडशीचे ब्रह्मेंद्रस्वामी हे पेशव्यांचे गुरू. १७२७ मध्ये जंजिऱ्याच्या पक्षाच्या सिद्दी सात याने चिपळूणजवळचे परशुरामाचे देवालय उद्ध्वस्त केले आणि स्वामी कोकण सोडून घाटावर आले. तेव्हापासून सिद्दीविरुद्धच्या मोहिमेमागे त्यांचा सततचा तगादा होता. १७३६ मध्ये चिमाजी आप्पांनी सिद्दी साताला लढाईत ठार केले. वसईचा जय त्यांनी स्वामींना कळवला तो स्वामींच्या आशीर्वादाचे फळ म्हणून. परंतु पारसनिसांनी आणि राजवाड्यांनी प्रसिद्ध केलेली स्वामींची पत्रे वाचणाऱ्याला दुसरीही एक गोष्ट ठाऊक असते : स्वामी पेशव्यांचे सावकारही होते. मोहिमांसाठी त्यांनी कर्ज दिले होते आणि त्याच्या वसुलीबाबत ते मुळीच विरक्त नव्हते. मेशिकांचे ऋण सृष्टीच्या आरंभापासूनचे. पेशव्यांचे ऋण रुपयांत मोजलेले, व्याजासह. आशीर्वाद आणि कर्ज एकाच हातून आल्याने आपल्या कथनात एक सूक्ष्म विनोद शिरला आहे. इतिहासकारांनी तो बहुधा गांभीर्याने झाकला.

लोकपरंपरेने मात्र स्वामींना बाजूस सारून कर्तृत्व वज्रेश्वरीला दिले. आजच्या भिवंडी तालुक्यात, तानसेच्या काठी वडवली येथे हे स्थान आहे. गुंज येथील मूळ देवालय पोर्तुगीजांनी मोडले व देवी येथे आली, असे परंपरा मानते. वेढ्याला जाताना चिमाजी आप्पांनी नवस केला : किल्ला मिळाला तर मंदिर बांधीन. देवी स्वप्नात आली, मार्ग सांगितला, किल्ला मिळाला, मंदिर उभे राहिले. अफजलखानाच्या भेटीपूर्वी भवानीने दिलेला दृष्टान्त सभासदाच्या बखरीत आहेच; युद्धापूर्वीचे स्वप्न हा मराठी युद्धकथनाचा एक स्थिर आशयबंध आहे. पण वज्रेश्वरीची मूळ कथा मला अधिक अर्थपूर्ण वाटते. दैत्याच्या उपद्रवावर उपाय म्हणून वसिष्ठांनी चंडीयज्ञ मांडला, त्यात इंद्राला आहुती दिली नाही, कोपलेल्या इंद्राने वज्र फेकले आणि देवीने ते गिळले. म्हणून ती वज्राबाई. वीत्सिलोपोच्त्ली शस्त्र घेऊन जन्मतो; ही देवी फेकलेले शस्त्र पोटात घेते. दोन्ही युद्धदेवताच, परंतु एकीचे सामर्थ्य प्रहारात आहे आणि दुसरीचे प्रहार जिरवण्यात.

नवसाची रचना ऋणाच्या नेमकी उलट आहे. ऋण भूतकाळात घेतलेले असते. नवस भविष्यकाळाशी बोललेला असतो. त्यात अट असते. अट पुरी न झाल्यास देणे लागू होत नाही आणि पुरी होऊन नवस फेडला की खाते बंद होते. म्हणूनच आपण नवस 'बोलतो' आणि 'फेडतो'; न फेडलेला नवस 'आडवा येतो' खरा, पण फेडलेल्या नवसाने पुन्हा कोणाला काही मागितल्याचे ऐकिवात नाही. देवीला मंदिर मिळाले. तिला माणसे नको होती.

येथे आणखी एका शब्दाची साक्ष काढली पाहिजे. कोकणात लढाईस, लग्नास वा लावणीस जाण्यापूर्वी देवाला 'कौल' लावतात. पाषाणावर चिकटवलेले फूल वा तांदूळ उजवीकडे पडला की देवाची संमती. आणि मराठ्यांच्या दफ्तरात, लढाईने पळालेल्या रयतेने परत यावे, शेते कसावी, सरकारातून उपद्रव होणार नाही, असे जे अभयपत्र दिले जाई त्यालाही 'कौल'च म्हणत. मूळ अरबी शब्दाचा अर्थ 'वचन'. युद्धापूर्वी देव राजाला कौल देतो आणि युद्धानंतर राजा रयतेला. एकाच शब्दाने या दोन्ही टोकांना बांधून ठेवणे ही भाषेची केवळ योगायोगाची लीला आहे असे मी समजत नाही. शरणागतीच्या कलमांत शिबंदीला सशस्त्र, वाद्ये वाजवीत बाहेर पडण्याची मुभा होती आणि मागे राहणाऱ्या ख्रिस्ती रहिवाशांना आपला धर्म पाळण्याचे अभिवचन होते. जो किल्ला देवीने 'दिला' असे सांगितले गेले, त्याच किल्ल्याच्या तहात पराभूतांच्या देवाची सोय लावता आली, कारण देवीचे देणे मंदिराने फिटणारे होते. मेशिकांच्या व्यवस्थेत अशा कलमाला जागा सापडणे कठीण. याचा अर्थ पेशवे उदार आणि मेशिका क्रूर असा काढू नये. व्यवहारी हिशेब दोघांचाही होता. चिमाजी आप्पांना वसलेला, कर देणारा मुलूख हवा होता.

पोर्तुगीज पक्षाने काय केले असते याचा अंदाज दुसऱ्या एका प्रसंगावरून बांधता येतो. १६८३ मध्ये संभाजी महाराजांच्या फौजा गोव्याच्या तोंडाशी आल्या तेव्हा विजरई कोंदे द आल्व्होर याने फ्रान्सिस झेवियरची शवपेटी उघडवून आपला अधिकारदंड संताच्या हाती दिला. मोगल शहजादा कोकणात उतरला आणि संभाजी महाराजांना माघारी वळावे लागले. गोव्याच्या कथनात गोवा संताने वाचवला, मराठ्यांच्या इतिहासात मोगलांनी. पुढे १८१० मध्ये मेक्सिकोत बंडखोरांनी ग्वादालुपेच्या मातेचे निशाण उभारले, तेव्हा राजपक्षाच्या विजरईने रेमेदिओसच्या मातेला दंड अर्पून सेनापती केले. मातेविरुद्ध माता! अधिकार देवाच्या हाती सोपवण्याच्या या कृतीत नवसही नाही आणि ऋणही नाही. तेथे देवालाच नोकरीत घेतले आहे. पोर्तुगालात संत अंतोनीला पलटणीत दाखल करून त्याच्या नावे पगार लावल्याचे दाखले आहेत, तेव्हा हा शब्द थट्टेचा मानू नये.

घंटांची गोष्ट या चौकटीत सहज बसत नाही. वसई परिसरातील चर्चच्या घंटा मराठ्यांनी आणल्या आणि देवळांना वाहिल्या. नाशिकच्या नारोशंकर मंदिरातील १७२१ सालाची घंटा, मेणवलीची बालयेशूसह मरियेची आकृती असलेली १७०७ ची घंटा, भीमाशंकरची घंटा यांची गणना त्यांत होते. आझ्टेकांच्या बंदिवान देवांच्या देवालयाशी याचे साम्य उघड आहे. परंतु तेथे शत्रूचा देव मुका होऊन कोंडला जाई. येथे शत्रूच्या देवाचा आवाजच आपल्या देवाला जागवण्याच्या कामी लावला गेला. मेणवलीच्या घंटेवरील आकृती कोणी घासून काढली नाही. दुर्लक्ष, ओतकामाविषयीचा आदर, की 'देव तो देव' ही सर्वसामान्य श्रद्धा, याचा निर्णय पुराव्याअभावी करता येत नाही आणि करूही नये.

अडचण आहे ती अलीकडच्या वाचनाची. वसईची मोहीम केवळ धर्मयुद्ध म्हणून सांगण्याची जी रीत गेल्या काही दशकांत रुळली आहे, तिच्यात १७३९ मध्ये फिटलेला नवस पुन्हा न फिटणारे ऋण म्हणून उभा केला जातो. देणेकरी म्हणून बोट दाखवले जाते ते येथील सामवेदी, वाडवळ आणि कोळी ख्रिस्ती समाजांकडे, ज्यांचे पूर्वज या मातीतले आणि ज्यांची भाषा मराठी. त्यांच्यातील फादर फ्रान्सिस दिब्रिटो २०२० च्या धाराशिव (तेव्हा उस्मानाबाद) येथील साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले, तेव्हा उमटलेल्या निषेधाच्या सुरांत हेच जुने खाते नव्याने उघडलेले दिसले. इतिहासाच्या अंगाने त्याचे खंडन अनेकांनी केले आहे. माझा आक्षेप वाङ्मयीन आहे : या कथनाने आपल्याच परंपरेतला प्रकार बदलला आहे. नवसाच्या कथेला त्याने ऋणकथेचे व्याकरण लावले आणि कौल हा शब्द त्यातून गाळला. असे करताना आपण ज्या 'रक्तपिपासू' धर्माची उदाहरणे देतो त्याच्या रचनेच्या किती जवळ जातो, हे या मंडळींच्या ध्यानी येत नसावे.

किल्ल्यात आज नागेश्वर आणि वज्रेश्वरी यांची मंदिरे आहेत, चिमाजी आप्पांचे स्मारक आहे, आणि संतनामांचे बुरुज वडा-पिंपळाच्या मुळ्यांनी उकलत चालले आहेत. रेमेदियुश बुरुजाच्या तटाखाली ज्या मातेच्या नावावर मराठ्यांनी दारू ठासली, ती माता किल्ल्याबाहेर रमेदीत राहिली. तिच्या मेक्सिकोतील बहिणीसारखे सेनापतिपद तिच्या वाट्याला आले नाही. तिच्यापुढे लोक मेणबत्त्या लावतात, आजारपण, परदेशची नोकरी, अडलेले बाळंतपण अशा गोष्टींसाठी काही बोलतात आणि पुढे ते फेडतात. त्या बोलण्यालाही तेथे नवसच म्हणतात.